विलर्डच्या पेट्या : एका बंद पडलेल्या मनोरुग्णालयाच्या साधनांची चिकित्सा

१

ज्या घटनेविषयीं एकाच पक्षाचे कागद उपलब्ध आहेत, तिचा इतिहास लिहितांना कोणती सावधगिरी बाळगावी, हा प्रश्न महाराष्ट्रांतील इतिहासाभ्यासकांस नवा नाहीं. स्वारीचा वृत्तांत जेत्याच्या बखरींत एक असतो, पराभूताच्या पत्रांत दुसरा असतो. आणि पराभूताचें दफ्तरच नष्ट झालें असेल, तर जेत्याचें म्हणणें निमूटपणें खरें धरण्याचा मोह पडतो. राजकारणाच्या इतिहासांत हा मोह टाळण्याची शिस्त आपल्याकडे बरीच रुजली आहे. परंतु तुरुंग, अनाथगृह, वेड्यांचें इस्पितळ अशा संस्थांकडे वळलें, कीं ती शिस्त सैल पडते. तेथें संस्थेचें दफ्तर अवाढव्य असतें. आंत राहिलेल्या माणसांच्या हातचा मात्र एखादा चिटोराहि बहुधा सांपडत नाहीं.

अमेरिकेंतील न्यूयॉर्क राज्यांत, सेनेका सरोवराच्या पूर्व कांठीं विलर्ड येथें असें एक मनोरुग्णालय १८६९ पासून १९९५ पर्यंत चालू होतें. तें बंद पडण्याच्या सुमारास तेथील एका जुन्या इमारतीच्या माळ्यावर रुग्णांच्या चारशेंहून अधिक पेट्या सांपडल्या. त्या पेट्यांवरून पुढें एक प्रदर्शन भरलें, एक ग्रंथ निघाला, आणि छायाचित्रांची एक मोठी मालिका तयार झाली. या तिन्ही कृतींची साधनचिकित्सेच्या दृष्टीनें तपासणी करणें, हा प्रस्तुत लेखाचा हेतु आहे. त्या पेट्या पाहून अंतःकरण हेलावतें, यांत संशय नाहीं. परंतु पेटी नेमकी कशाची साक्ष देते आणि कशाची देत नाहीं, हें ठरविल्यावांचून त्या हेलावण्याचा इतिहासास कांहीं उपयोग होत नाहीं.

२

प्रथम संस्थेचा वृत्तांत थोडक्यांत सांगणें अवश्य आहे. कारण कोणत्या काळीं कोणत्या प्रकारचा मनुष्य तेथें येत होता, हें कळल्यावांचून पेट्यांचा अर्थ लागणार नाहीं.

न्यूयॉर्क राज्यानें युटिका येथें वेड्यांचें इस्पितळ १८४३ सालीं उघडलें. बरे होण्याजोगे रुग्ण तेथें ठेवावे आणि कांहीं काळांत गुण न आल्यास त्यांस आपापल्या जिल्ह्याकडे परत पाठवावें, अशी तेथील रीत होती. जिल्ह्याकडे परत पाठविणें याचा अर्थ व्यवहारांत जिल्ह्याच्या गरीबखान्यांत टाकणें असा होई. त्या गरीबखान्यांत म्हातारे, पंगु, पोरके आणि वेडे हे सर्व एकत्र राहत. आणि वेड्यांस पुष्कळदां कोठडींत किंवा सांखळींत ठेवीत. डॉ. सिल्व्हेस्टर विलर्ड यांनीं १८६४ सालीं राज्यांतील गरीबखान्यांतल्या वेड्यांच्या स्थितीची जिल्हावार चौकशी केली व तिचा अहवाल विधिमंडळापुढें ठेवला. १८६५ च्या एप्रिलांत, त्यांच्या सूचनेवरून तयार झालेला कायदा मंजूर होण्याच्या सुमारासच, ते मरण पावले. म्हणून नव्या संस्थेस त्यांचें नांव देण्यांत आलें.

जागा निवडली ती ओविड गांवाजवळची. तेथें राज्याचें शेतकी महाविद्यालय १८६० सालीं सुरू झालें होतें. परंतु लगेच यादवी युद्ध पेटलें आणि तें बंद पडलें. त्याची जमीन व इमारत नव्या इस्पितळाच्या उपयोगी पडली. १३ ऑक्टोबर १८६९ रोजीं पहिली रुग्ण स्त्री बोटीनें धक्क्यावर उतरली, ती बेड्या घातलेल्या स्थितींत. त्यापूर्वीं कित्येक वर्षें ती एका जिल्ह्याच्या गरीबखान्यांत बांधून ठेवलेली होती. पहिले अधीक्षक डॉ. जॉन चॅपिन यांच्या व्यवस्थेखालीं संस्था झपाट्यानें वाढली. एका प्रचंड इमारतींत सर्वांस कोंडण्याऐवजीं साध्या, स्वस्त, विखुरलेल्या घरांचे समूह बांधावे, ही येथील योजना त्या काळीं नवी होती. १८७७ च्या सुमारास रुग्णांची संख्या पंधराशेंच्या वर गेली होती, आणि अमेरिकेंतील अशा संस्थांत विलर्ड सर्वांत मोठी गणली जात होती.

येथें एक गोष्ट ध्यानांत ठेवण्याजोगी आहे. विलर्डची स्थापनाच मुळीं ‘जुनाट’ वेड्यांसाठीं, म्हणजे ज्यांच्या बरें होण्याची आशा सोडण्यांत आली होती अशांसाठीं, झाली. असाध्य रुग्णांसाठीं निराळी संस्था काढणें म्हणजे त्यांच्या उपचाराचा प्रयत्नच सोडणें होय, असा आक्षेप त्या काळच्या अनेक इस्पितळांच्या अधीक्षकांनीं घेतला होता. विलर्डच्या पुरस्कर्त्यांचें उत्तर असें होतें, कीं गरीबखान्यांतल्या सांखळीपेक्षां सरोवराकांठचें शेत केव्हांहि बरें. दोघांच्याहि म्हणण्यांत तथ्य होतें. १८९० च्या कायद्यानें गरीब वेड्यांचा सर्व भार जिल्ह्यांवरून राज्यावर आला. त्याच वर्षीं ‘आश्रम’ हा शब्द जाऊन ‘राज्य रुग्णालय’ हें नांव आलें, आणि १९७४ सालीं तेंहि बदलून ‘मनोरोग केंद्र’ झालें. नांवें बदललीं तरी संस्थेच्या शब्दांत आरंभीं असलेला ‘असाध्य’ हा शेरा तिच्या दफ्तरांतून पुढेंहि पुष्कळ काळ पुसला गेला नाहीं.

सव्वाशें वर्षांत तेथें पन्नास हजारांहून अधिक रुग्ण आले, आणि त्यांतील जवळजवळ निम्मे तेथेंच मरण पावले. संस्थेच्या दफनभूमींत ५,७७६ थडगीं आहेत. त्यांवर नांवें कोरण्याऐवजीं क्रमांक घालण्याची चाल होती. आणि गवत कापण्यास अडचण होते म्हणून पुढें त्या क्रमांकांच्या कित्येक खुणाहि काढून टाकण्यांत आल्या.

१९९५ सालीं रुग्णालय बंद झाल्यावर त्या जागेचें पुढें काय झालें, याविषयींहि प्रचलित वर्णनांत एक चूक शिरली आहे. भग्न वास्तूंचीं वर्णनें लिहिणारे विलर्डला सरसकट ‘ओसाड’ म्हणतात. वस्तुतः त्याच वर्षापासून जागेचा कांहीं भाग राज्याच्या कारागृह खात्यानें व्यसनमुक्तीच्या छावणीसाठीं घेतला, आणि ती छावणी २०२२ सालीं बंद झाली. म्हणजे कांहीं इमारती पडत होत्या, तर त्यांच्या शेजारच्या इमारतींत दुसऱ्या प्रकारचे कैदी राहत होते. रंग उडालेल्या भिंती आणि मोडके पलंग यांच्या चित्रांवर भुताखेतांच्या गोष्टी रचणाऱ्यांस ही हकीकत सोयीची नाहीं. इतिहासलेखकानें मात्र ती गाळतां कामा नये.

३

आतां पेट्यांकडे वळूं. रुग्णालय बंद होणार असें ठरल्यावर इमारतींतील सामानाची विल्हेवाट लावण्याचें काम सुरू झालें. तेव्हां तेथील कर्मचाऱ्यांपैकीं एका स्त्रीच्या दृष्टीस माळ्यावरील हा सांठा पडला. कातडी पिशव्या, लांकडी ट्रंका, पुठ्ठ्याच्या सुटकेसी, टोपल्या असे नाना प्रकार तेथें होते. त्यांपैकीं बहुतेकांवर मालकांच्या नांवाच्या चिठ्ठ्या लागलेल्या होत्या. हा सांठा कचऱ्यांत जाऊं नये म्हणून तिनें राज्याच्या वस्तुसंग्रहालयास कळविलें, आणि संग्रहालयाचे अभिरक्षक क्रेग विल्यम्स यांनीं तो संबंध सांठा ऑल्बनी येथील आपल्या संस्थेच्या ताब्यांत आणला. पेट्यांचा काळ साधारणतः १९१० पासून १९६० नंतरच्या कांहीं वर्षांपर्यंतचा आहे.

या कामाचें मोल संग्राहकांस निराळें सांगावयास नको. जुनें दफ्तर विकावयास निघतें, तेव्हां काय होतें हें आपण सर्व जाणतों. मोर्तब असलेला कागद एक नेतो, सुंदर अक्षराचें बाड दुसरा नेतो, चित्र असलेलें पान तिसरा फाडून घेतो, आणि रुमालांत उरलेले हिशेबाचे बंद रद्दींत जातात. कागद मरत नाहींत, पण रुमाल मरतो. आणि रुमाल मेला कीं कोणता कागद कोणत्या कागदाशेजारीं होता, हें सांगणारी साक्ष कायमची बुजते. विलर्ड येथें हें टळलें. पेटी, तींतील वस्तु आणि वरची चिठ्ठी हीं एकत्र राहिलीं. जुनाट बूट, दाढीचा ब्रश, अर्धवट शिवलेलें कापड यांस बाजारांत कवडीची किंमत नाहीं. त्यांची सर्व किंमत त्या एकत्र राहण्यांत आहे. ज्या कर्मचारी स्त्रीनें व ज्या अभिरक्षकानें हें ओळखलें, त्यांचें ऋण पुढील प्रत्येक अभ्यासकानें मानलें पाहिजे.

४

या सांठ्याचा पहिला मोठा उपयोग डार्बी पेनी आणि पीटर स्टॅस्टनी यांनीं केला. पेनीबाई मनोरुग्णांच्या हक्कांसाठीं झटणाऱ्या कार्यकर्त्या होत्या. स्टॅस्टनी हे मनोरोगांचे वैद्य व चित्रपटकार. दोघांच्या प्रयत्नानें ऑल्बनीच्या वस्तुसंग्रहालयांत २००४ सालीं प्रदर्शन भरलें, आणि २००८ सालीं ‘दि लाइव्हज् दे लेफ्ट बिहाइंड’ हा त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध झाला. चारशेंहून अधिक पेट्यांतून कांहीं थोड्या निवडून, प्रत्येक पेटीच्या मालकाची रुग्णालयांतील नोंदवही मिळवून, दोहोंच्या आधारें त्या व्यक्तीचें चरित्र जुळवावयाचें, अशी त्यांची पद्धति आहे. पद्धति उत्तम आहे. एकाच मनुष्याविषयीं दोन स्वतंत्र साधनें समोरासमोर ठेवणें, यापेक्षां अधिक इतिहासाच्या अभ्यासकानें काय मागावें ?

आणि दोन साधनें समोरासमोर आलीं, कीं काय दिसतें, हें ग्रंथांतील दोन-तीन उदाहरणांवरून स्पष्ट होतें. दुसऱ्या महायुद्धांत सैन्यांत असलेला एक काळा अमेरिकन तरुण १९४५ सालीं न्यूयॉर्क शहरांतील एका उपाहारगृहांत गेला असतां त्यास फुटक्या बशींत अन्न वाढण्यांत आलें. तो संतापला, त्यानें आरडाओरड केली, पोलीस आले, आणि शेवटीं त्याची रवानगी वेड्यांच्या इस्पितळांत झाली. नोंदवहींत त्याचा संताप हें रोगाचें लक्षण आहे. पेटींत त्याचा सैनिकाचा पोशाख आणि स्नेह्यांबरोबर काढलेलीं छायाचित्रें आहेत. फुटकी बशी कोणापुढें ठेवली जात असे, हें त्या देशाच्या वर्णभेदाचा इतिहास जाणणाऱ्यास सांगावें लागत नाहीं. परंतु नोंदवही लिहिणाऱ्यास तें लिहिण्याजोगें वाटलें नाहीं. दुसरी एक स्त्री अंथरुणांतून उठत नाहीं, अशा घरमालकिणीच्या तक्रारीवरून १९३० सालीं आंत आली. तिच्या सामानांत हातानें शिवलेल्या गोधड्या निघाल्या, ज्यांचें काम कोणाहि कुशल कारागिरास शोभेल असें आहे. फिलिपीन बेटांतून १९०७ सालीं अमेरिकेंत आलेला एक मनुष्य १९१७ सालीं रुग्णालयांत आला, तो १९८१ सालीं मरेपर्यंत बाहेर पडला नाहीं.

चौसष्ट वर्षांच्या या वास्तव्यांत संस्थेनें त्याच्याविषयीं काय लिहिलें, हा प्रश्न सहजच मनांत येतो. येथें ग्रंथाचा सर्वांत मोलाचा भाग येतो. लेखकांनीं नोंदवह्या वाचून असें दाखविलें आहे, कीं प्रवेशाच्या वेळचा वृत्तांत सविस्तर असतो. त्यानंतरच्या नोंदी उत्तरोत्तर त्रोटक होत जातात, आणि मनुष्य जसजसा जुना होतो तसतशी जुनीच वाक्यें पुन्हां उतरविलीं जातात. आपल्या दफ्तरांत कारकून मागील सालचा ताळेबंद पाहून पुढील सालचा लिहीत असे, त्यांतलाच हा प्रकार. अशी नोंद रुग्णाच्या प्रकृतीचा पुरावा नव्हे. ती लिहिणाऱ्याच्या संवयीचा पुरावा होय. सबंध ग्रंथांत हा एकच निष्कर्ष निघाला असता, तरी श्रम सार्थकीं लागले असते.

५

गुण सांगितले, आतां आक्षेप. आमचे आक्षेप तीन आहेत.

पहिला आक्षेप पेटी भरण्याविषयीं. ग्रंथाचा आणि प्रदर्शनाचा एकंदर सूर असा आहे, कीं नोंदवही ही संस्थेची वाणी आणि पेटी ही रुग्णाची वाणी. पण पेटी कोणीं भरली ? घरून निघतांना स्वतःच्या हातानें निवडून भरलेली पेटी ही एक गोष्ट. पोलिसांनीं मनुष्यास नेल्यावर घरमालकानें खोली रिकामी करण्यासाठीं भरलेली पेटी ही दुसरी. मनुष्य वर्षानुवर्षें परत येत नाहीं असें पाहून नातेवाइकांनीं पाठवून दिलेली पेटी ही तिसरी. आणि आंत आल्यावर कर्मचाऱ्यांनीं कांहीं वस्तु काढून घेतल्या असतील, तर चौथी. ग्रंथांत स्कॉटलंडहून आलेल्या एका परिचारिकेचें चरित्र आहे. १९४१ सालीं ती रुग्णालयांत आली, आणि तिच्या मागोमाग आलेल्या ट्रंका व खोकीं इतकीं आहेत कीं त्यांत एक संबंध बिऱ्हाड मावावें. एवढें सामान पोलिसांच्या किंवा वैद्यांच्या पहाऱ्यांत निघालेली बाई स्वतः बांधीत नाहीं. तेव्हां त्यांतील वस्तूंच्या क्रमावरून, निवडीवरून किंवा अभावावरून तिच्या मनाविषयीं अनुमान काढणें धोक्याचें आहे. वस्तु तिच्या होत्या, एवढेंच निश्चित. त्या निवडल्या तिनें, हें सिद्ध करावें लागेल. अस्सल पत्र आणि दुसऱ्यानें उतरलेली नक्कल यांत आपण जो भेद करतों, तोच येथें केला पाहिजे. लेखकांनीं कित्येक ठिकाणीं अनुमान सावधपणें मांडलें आहे. परंतु प्रत्येक पेटीच्या आरंभींच ‘ही कोणीं, केव्हां, कशी पोंचविली’ याचें टिपण असावयास हवें होतें.

दुसरा आक्षेप निवडीचा. पन्नास हजारांहून अधिक रुग्णांपैकीं चारशेंहून कांहीं अधिक जणांच्याच पेट्या उरल्या. म्हणजे शंभरांत एक मनुष्यहि नाहीं. त्यांतूनहि ग्रंथासाठीं फारच थोडे निवडले गेले. शिवाय ही शिल्लक आंधळ्या दैवानें राहिलेली नाहीं, तिला एक दिशा आहे. जो बरा होऊन अगर नातेवाइकांच्या हमीवर बाहेर पडला, तो आपली पेटी घेऊन गेला असला पाहिजे. ज्याच्या मरणानंतर सामान नेण्यास कोणी आलें, त्याची पेटीहि माळ्यावर राहिली नसणार. उरल्या त्या बहुतांशीं ज्यांस बाहेर पडतां आलें नाहीं व ज्यांच्या पाठीशीं कोणी उरलें नाहीं, अशांच्या. म्हणून माळा पाहून ‘विलर्डमध्यें गेलेला मनुष्य परत येत नसे’ असें म्हणणें म्हणजे रणांगणावरील प्रेतें मोजून ‘या लढाईंतून कोणी जिवंत परतला नाहीं’ असें म्हणण्यासारखें आहे. संस्थेचे स्वतःचे आंकडे निम्म्या लोकांचा मृत्यु तेथें झाल्याचें सांगतात. ती संख्या पुरेशी भयंकर आहे. तिला पेट्यांच्या जोरावर आणखी वाढविण्याची गरज नाहीं. आणि बाहेर पडलेल्या दुसऱ्या निम्म्यांविषयीं माळा मुका आहे, हें वाचकास स्पष्ट सांगितलें पाहिजे.

याच आक्षेपाची दुसरी बाजू काळाची. सांपडलेल्या पेट्या १९१० नंतरच्या आहेत. १८६९ च्या ऑक्टोबरांत बेड्या घालून बोटीतून उतरविलेल्या त्या पहिल्या स्त्रीपाशीं पेटी असण्याचा संभवच नव्हता. गरीबखान्यांतून आलेल्या पहिल्या पिढींतील हजारों माणसांनीं मागें कांहींच ठेवलें नाहीं, कारण त्यांच्यापाशीं ठेवण्यासारखें कांहीं नव्हतें. पेटी असणें हेंच एका विशिष्ट काळाचें व विशिष्ट स्थितीचें चिन्ह आहे : नोकरी केलेली, प्रवास केलेला, चार कपडे व चार पत्रें जवळ असलेला मनुष्य. ज्यांची दुर्दशा पाहून डॉ. विलर्ड यांनीं अहवाल लिहिला, त्यांचा इतिहास पेट्यांतून कधींहि लिहितां येणार नाहीं. तो त्या अहवालांतून, गरीबखान्यांच्या हिशेबांतून आणि दफनभूमीच्या क्रमांकांतूनच शोधावा लागेल.

६

तिसरा आणि आमच्या मतें सर्वांत गंभीर आक्षेप नांवांचा आहे. आणि तो ग्रंथकारांपेक्षां त्यांच्या भोंवतालच्या कायद्याकडे अधिक जातो.

न्यूयॉर्क राज्यांत मनोरुग्णांच्या नोंदी गुप्त ठेवण्याविषयींचे निर्बंध कडक आहेत, आणि मृत्यूनेंहि ते सहजासहजीं सुटत नाहींत. म्हणून पेनी व स्टॅस्टनी यांनीं चरित्रनायकांस टोपणनांवें दिलीं. छायाचित्रकार जॉन क्रिस्पिन यांनीं २०११ पासून या पेट्यांचीं चित्रें घेण्यास सुरुवात केली; त्यांनीं पहिलें नांव आणि आडनांवाचें आद्याक्षर एवढेंच देण्याची रीत ठेवली. आतां एकाच पेटीविषयीं ग्रंथांत एक नांव, छायाचित्राखालीं दुसरें, आणि संग्रहालयाच्या यादींत तिसरें, अशी स्थिति झाली. पुढच्या अभ्यासकानें हीं तिन्हीं एकाच मनुष्याचीं आहेत हें कसें ताडून पाहावें ? ज्या विधानाचा पडताळा दुसऱ्यास घेतां येत नाहीं, तें कितीहि प्रामाणिक असलें तरी इतिहासांत त्याची किंमत ऐकीव गोष्टीइतकीच राहते. राजवाड्यांनीं ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ १८९८ पासून छापण्यास आरंभ केला, तेव्हां मूळ पत्र वाचकापुढें ठेवून त्याला स्वतः निवाडा करूं द्यावा, हा पायंडा पडला. त्या पायंड्यांत वाढलेल्या वाचकास टोपणनांवांचें चरित्र वाचतांना पायांखालची जमीन हालल्यासारखी वाटते.

कायद्याची बाजूहि मांडली पाहिजे. वेडाचा कलंक एका मनुष्यावर थांबत नाहीं. तो घराण्यावर येतो, मुलांच्या सोयरिकींत आडवा येतो, हें आपल्याकडेहि कोणास ठाऊक नाहीं? जिवंत रुग्ण आणि जिवंत नातेवाईक यांस संरक्षण हवेंच. परंतु ज्याला मरून दोन पिढ्या झाल्या, ज्याचें थडगें क्रमांकाचें आहे, ज्याला शोधीत येणारें कोणी असलेंच तर तें त्याचें नांव कळावें म्हणूनच येत आहे, अशा मनुष्याचें नांव झांकून संरक्षण कोणाचें होतें ? संस्थेनें जिवंतपणीं त्याचें नांव नोंदवहींत ठेवलें आणि मेल्यावर थडग्यावर अंक घातला. आतां कायदा त्याच अंकाची राखण करीत आहे. दयेच्या हेतूनें केलेला निर्बंध जुन्या निर्दयतेच्या कामीं येतो, हें विलर्डच्या इतिहासांतील सर्वांत कटु सत्य आहे.

याला एक अपवाद घडला आहे, आणि तो सांगण्याजोगा आहे. विलर्ड येथें एक रुग्ण १९३७ पासून १९६८ पर्यंत दफनभूमींत खड्डे खणण्याचें काम करीत होता. त्यानें आपल्या सोबत्यांसाठीं पंधराशेंहून अधिक थडगीं खणलीं, आणि १९६८ सालीं, नव्वदीच्या घरांत, मरण आल्यावर तोहि त्याच जमिनींत पुरला गेला. दफनभूमीस नांवें परत मिळावीं म्हणून झटणाऱ्या स्थानिक मंडळींनीं बराच काळ खटपट केली; आणि २०१५ सालीं त्या मनुष्याच्या खऱ्या नांवाची शिळा तेथें उभी राहिली. २००८ च्या ग्रंथांत तोच मनुष्य टोपणनांवानें वावरतो. ज्यानें ग्रंथ वाचला आहे आणि ज्यानें शिळा पाहिली आहे, अशा दोघांची भेट झाली, तर ते एकाच मनुष्याविषयीं बोलत आहेत हें त्यांस कळणार नाहीं. टोपणनांवाच्या पद्धतीचें वैगुण्य यापेक्षां स्पष्ट दाखवितां येणार नाहीं.

७

क्रिस्पिन यांच्या छायाचित्रांविषयीं निराळें दोन शब्द लिहिणें उचित होईल; कारण भग्न रुग्णालयांचीं छायाचित्रें हा हल्लीं एक स्वतंत्र धंदाच झाला आहे, आणि त्या धंद्याशीं यांची गांठ घालणें अन्यायाचें होईल. भग्न भिंतींच्या चित्रांत स्थळ नसतें, काळ नसतो, मालक नसतो. असते ती केवळ उदासी. क्रिस्पिन यांनीं याच्या उलट केलें आहे. पेटी बंद, पेटी उघडी, आंतील प्रत्येक वस्तु निराळी, असा त्यांचा क्रम आहे. शिवाय संग्रहालयानें वस्तूंस गुंडाळलेला कागद आणि बांधलेली फीत हींहि ते चित्रांत ठेवतात. म्हणजे वस्तु मूळ कशी होती आणि जतन करणाऱ्यानें तिला काय केलें, हे दोन्ही थर दिसतात. हस्तलिखिताच्या वर्णनांत मूळ पानें आणि मागाहूनची बांधणी वेगळी नोंदविण्याची जी रीत आहे, तीच ही. ग्रंथांत आम्हांस जें टिपण उणें वाटलें, त्याची थोडी भरपाई या चित्रांनीं होते. मात्र चित्र हें चरित्र नव्हे; तें पुराव्याची नक्कल आहे, आणि तेवढ्यापुरतेंच तें विश्वसनीय आहे.

८

एकंदर निवाडा असा. पेनी व स्टॅस्टनी यांच्या ग्रंथानें एका पक्षाच्या दफ्तरावर उभ्या असलेल्या इतिहासास दुसऱ्या पक्षाची साक्ष प्रथमच जोडली, आणि नोंदवहीच्या प्रामाण्याला योग्य तो धक्का दिला. याबद्दल तो संग्राह्य आहे. पण पेटी भरणारा कोण, उरलेल्या पेट्या कोणाच्या, आणि त्या कोणाच्या नांवाच्या, हे तीन प्रश्न त्यानें अर्धवट सोडले. पहिल्या दोहोंचें उत्तर अधिक परिश्रमानें मिळण्याजोगें आहे. तिसऱ्याचें उत्तर कायद्याच्या हातीं आहे. तूर्त इतकें तरी व्हावें, कीं टोपणनांव, आद्याक्षर, पेटीचा क्रमांक आणि थडग्याचा क्रमांक यांचा मेळ घालणारी एक सारणी तयार करून ती अभिलेखागारांत मोहोरबंद ठेवावी, आणि ठराविक वर्षांनंतर ती उघडावी, असें आजच ठरवावें. नांव आज छापणें आणि नांव कायमचें हरवूं देणें, या दोन टोंकांमध्यें हा मार्ग आहे.

आपल्या संग्राहकांसहि या प्रकरणांतून घेण्यासारखें आहे. जुनीं बाडें हुडकतांना कोणाच्या घरीं, कोणत्या फडताळांत, कोणत्या रुमालांत, कोणत्या कागदाच्या खालीं तो कागद मिळाला, हें त्याच दिवशीं लिहून ठेवणारे आपल्यांत किती आहेत ? आणि राजाच्या, सरदाराच्या कागदांबरोबर एखाद्या कैद्याचा अर्ज, वेडसर म्हणून घराबाहेर काढलेल्या विधवेचें पत्र, गहाणवटींत निघालेल्या भांड्याकुंड्यांची यादी हातीं आली, तर ती बाजूस न टाकणारे किती ? विलर्डच्या माळ्यावर राजेरजवाड्यांचें कांहींहि नव्हतें. तरी एका कर्मचारी स्त्रीनें तें फेंकूं दिलें नाहीं, एवढ्यानेंच पन्नास हजारांच्या मौनांत चारशें माणसांस थोडें बोलतां आलें. आतां त्यांच्या बोलण्यापुढें त्यांचीं नांवें लागणें बाकी आहे.